गुरुवारी कोरडा राहणारा नळ

आमच्या शेताच्या बांधावर म्हसोबाचा दगड होता. रस्ता रुंद करताना त्याला हात लावायला कुणी धजेना, तेव्हा पहार मीच घातली. काही झालं नाही. सांगायचा मुद्दा, असल्या गोष्टींवर माझा कधीच विश्वास नव्हता. या सदरातले अनुभव मी हसण्यासाठी वाचायचो. आणि आता म्हातारपणी मीच लिहायला बसलोय… तेही एका नळाबद्दल! भूत असतं तर निदान सांगायला तरी बरं वाटलं असतं.

महाळुंग्यात कंपनीच्या बस वळतात त्या रस्त्याला माझी चाळ आहे. शेवटच्या खोलीत प्रल्हाद राहायचा. परभणीकडचा, प्रेस शॉपमध्ये कामाला. बायको सुमन, एक मुलगा. अकरा महिन्यांचा करार संपला आणि मला खोली हवी झाली, कारण माझ्या मुलाला, गणेशला, तिथे खानावळ काढायची होती. प्रल्हाद म्हणाला, "काका, पोराची शाळा सुरू हाय, एवढं वर्ष निघू द्या."

मी दावा लावला. मग सुरू झाल्या तारखा. आज त्यांचे वकील नाहीत, उद्या आमचे नाहीत, परवा साहेब रजेवर. तालुक्याला जायचं, बाकावर बसायचं, पुढची तारीख घेऊन परत यायचं. पोराची शाळा संपत आली तरी आमचे साक्षीदार उभे राहिले नव्हते!

वैतागून मी गच्चीवर जाऊन त्यांच्या खोलीच्या पाण्याचा कॉक बंद केला. आमच्या भागात बरेच घरमालक हेच करतात. मी फक्त जरा डोकं लावलं – गुरुवारी कॉक उघडा ठेवायचो. गुरुवारी कंपन्यांना सुट्टी, प्रल्हाद घरी असायचा. बाकीचे दिवस तो पहाटे, नळांना पाणी यायच्या आधीच, बसने जायचा; संध्याकाळी तर चाळीत कुणाच्याच नळाला पाणी नसतं. संध्याकाळी येईपर्यंत सुमनने पलीकडच्या आळीतल्या बोअरवरून हंडे वाहून पिंप भरलेलं असायचं. पाणी येत नाही असं ती म्हणायची आणि गुरुवारी तो नळ सोडून बघायचा… पाणी असायचं.

तरी तिच्या हट्टापायी त्याने कोर्टात अर्ज दिला. पाणी सुरळीत आहे, असं शपथपत्र मी दिलं. मग कोर्टाने पाहणीसाठी कमिशनर नेमला, एक तरुण वकील. आता गंमत बघा, कमिशनर कधी येणार याची नोटीस दोन्ही बाजूंना आधी मिळते. म्हणजे मलाही मिळाली. त्या सकाळी मी कॉक उघडला.

नळ धो धो वाहिला. कमिशनरने फोटो काढले.

"साहेब, आजच आलंय हो पाणी!" सुमन म्हणाली.

"गप बस!" प्रल्हाद चार लोकांत ओरडला. "कोर्टापुढं खोटं पाडलंस मला. काय कमी होतं तुला इथं?"

ती माझ्याकडे बघत राहिली.

पुढे निकाल माझ्या बाजूने लागला. कोर्टाचा बेलीफ आला, खोली ताब्यात मिळाली. ते नाणेकरवाडीला राहायला गेले, आणि त्यांचं अपील अजून चालू आहे. मी खोलीतली मोरी फोडली, गच्चीवरून येणारा पाइप कापून बूच मारलं, नवी फरशी घातली. भिंतीतला नळ तेवढा काढायचा राहिला.

आणि तो नळ वाहायला लागला.

रोज सकाळी. दोन हंडे भरतील इतकं पाणी, मग बंद. खोलीला मोरी उरली नाही, त्यामुळे पाणी जाणार कुठे? माझं वय काय, गुडघे काय… पण नव्या फरशीवर तळं नको म्हणून नळाखाली हंडे ठेवतो आणि भरले की बाहेर वाहून ओततो. शेजारी विचारतात, "आबा, या वयात पानी वाहताय व्हय?" त्यांना हात धरून आत आणावं, तर नळ कोरडा.

गणेशला सांगितलं. खानावळ सुरू होईपर्यंत तो कंपनीतच जातो, त्यामुळे त्यालाही सुट्टी गुरुवारीच. आणि गुरुवारी नळातून थेंब येत नाही! तो प्लंबर घेऊन आला. प्लंबर म्हणाला, "काका, वरून लाइनच न्हाई, पानी येनार कुठनं?" मोबाइलवर व्हिडिओ काढला, तर गणेश म्हणतो, "यात काय आहे? नळाला पाणी येतंय." एका गुरुवारी तर तो पाव्हण्यांसमोर चिडलाच. "आबा, चार लोकांत लाज काढू नका. कशाची कमी आहे तुम्हाला?"

हे शब्द मी आधी ऐकले होते.

दुसऱ्या गुरुवारी नाणेकरवाडीला गेलो. दोघं घरी होते. सुमनने पाण्याचा तांब्या पुढे ठेवला. मला तो उचलवेना. प्रल्हादकडे बघून एका दमात बोलून टाकलं – कॉक, गुरुवार, नोटीस, सगळं. सुमन खोटं बोलली नव्हती, खोटं मी बोललो होतो. तो मग हळूच तिला म्हणाला, "मी एकदा तरी वर चढून बघायला हवं होतं ना गं…"

ती म्हणाली, "सांगितलं होतं, वर चढून बघा म्हणून. एकदा न्हाई, लई वेळा."

मग मी नळाचंही सांगितलं. प्रल्हादच्या चेहऱ्यावर अगदी गणेशसारखाच भाव आला. म्हातारा चळला.

सुमनने विचारलं, "गुरुवारी येत न्हाई ना, काका?"

"नाही."

"मला पटतंय," ती म्हणाली आणि तांब्या माझ्याकडे सरकवला. "प्या आता."

अपिलात खरं शपथपत्र देणार आहे. माझे वकील म्हणतात, "काका, खोटं शपथपत्र दिल्याबद्दल तुम्हीच अडकाल." अडकेन. त्यासाठी गेलो होतो, तर साहेब रजेवर. पुढची तारीख मिळाली आहे.

नळ थांबलेला नाही. पाइप नसलेल्या नळाला पाणी कुठून येतं हे मला ठाऊक नाही, आणि कुणाला विचारायचीही सोय नाही. माझ्यावर विश्वास ठेवणारं माणूस एकच आहे, आणि तिला मी घराबाहेर काढलं. लिहिता लिहिता उजाडलं. आज शुक्रवार. उठतो, हंडे लावायचेत.