बातमीबाईंची खुर्ची

बातमीबाई बातम्या अनवाणी वाचायच्या. वर इस्त्रीचा निळा कोट, गळ्यात मोत्यांची माळ, केस असे बसवलेले की वादळातही हलायचे नाहीत. आणि टेबलाखाली पाय उघडे, फरशीला टेकलेले. मी एकदा कारण विचारलं तर म्हणाल्या, "मिस्टर हमीद, पाय जमिनीला लागले नाहीत तर आवाज घशातून येतो. लागले की पोटातून येतो." घरी जाऊन मी दार लावून अनवाणी उभा राहिलो आणि मोठ्याने पेपर वाचून पाहिला. फरक पडतो हो! आमची मुलगी मात्र म्हणाली, "डॅडी, आर यू ओके?"

मी बहरीनमध्ये, मनामातल्या एका इंग्रजी न्यूज चॅनेलवर प्रॉम्प्टर चालवतो. कॅमेऱ्याच्या काचेवर बातमीची अक्षरं सरकतात आणि वाचणारा थेट तुमच्या डोळ्यांत बघून बोलतोय असं वाटतं. ती अक्षरं सरकवणारा मी. रत्नागिरीकडच्या खाडीकाठच्या गावात मराठी शाळेत शिकलो. इंग्रजी शिकलो ते इथल्या सलमाबादच्या गोदामात, खोक्यांवरची लेबलं वाचत. आणि आता सगळ्या आखाताला माझ्या अंगठ्याच्या वेगाने बातम्या ऐकाव्या लागतात. आहे की नाही गंमत! बाईंना 'बातमीबाई' हे नाव मीच ठेवलं, पण त्यांच्या तोंडावर कायम 'मॅडम'.

बाई अल्बानियाच्या. हा देश कुठे आहे हे मला ठाऊक नव्हतं. म्हटलं, असेल आफ्रिकेत. बाईंनी कॅन्टीनमधल्या कागदी रुमालावर नकाशा काढला. "हा ग्रीस, हा समुद्र, पलीकडे इटली. आणि इथे मी." एकोणिसाव्या वर्षी त्या समुद्रकाठच्या एका गावात रेडिओवर लागल्या. वीज दिवसातून तीनदा जायची, जनरेटर फक्त ट्रान्समीटरपुरता, म्हणून बाई एका हातात मेणबत्ती धरून वाचायच्या. बोटांवर मेण सांडलं तरी वाक्य मध्ये तोडलं नाही, हे त्या फार अभिमानाने सांगत. पुढे त्यांच्या देशात गोंधळ माजला, पोरंसोरं बंदुका घेऊन रस्त्यावर फिरू लागली, तेव्हा राजधानीच्या, तिरानाच्या टीव्हीला न घाबरणारं कुणीतरी हवं होतं. तिथे बाईंनी वीसेक वर्षं संध्याकाळच्या बातम्या वाचल्या. "माझ्या लग्नापेक्षा जास्त टिकलं ते," म्हणायच्या आणि मोठ्याने हसायच्या.

नावांच्या बाबतीत त्या भारी कडक. कुठल्याशा वर्कशॉपला आग लागून आपल्याकडचे दोघे गेले, त्या दिवशी बाई स्क्रिप्ट घेऊन माझ्याकडे आल्या, मग गेटवरच्या मल्याळी वॉचमनकडे, मग पुन्हा माझ्याकडे. दोन आडनावांसाठी पाऊण तास! मी वैतागून म्हटलं, "मॅडम, इथे कोणाला कळणार आहे?" तर म्हणाल्या, "त्यांच्या आईला कळेल." त्या दिवसापासून भारतातलं कुठलंही नाव आलं की बाई माझ्या काचेच्या खोलीत हजर. मी म्हणायचो, त्या तोंड वाकडं करून 'ळ' म्हणायला बघायच्या, आणि आम्ही दोघेही हसायचो.

वाईट बातमी वाचताना त्यांचा चेहरा हलायचा नाही. नव्या पोरी डोळ्यांत पाणी वगैरे आणत. बाईंना त्याचा राग. "बातमी वाईट आहे हे लोकांना कळतं. मी रडून दाखवायची गरज नाही. रडायचं ते मेकअप पुसल्यावर." आणि खरंच, बातम्या संपल्यावर मेकअपच्या खोलीत त्या दहा मिनिटं एकट्या बसत. दार लोटलेलं असे. आम्ही कोणी तिकडे फिरकत नसू.

तिराना का सोडलं ते त्यांनी मला एकदाच सांगितलं. मालक बदलला. बाई सुट्टीवरून परत आल्या तर त्यांच्या खुर्चीत चोवीस वर्षांची मुलगी बसलेली, खुर्चीची उंचीही बदललेली. "कुणी सांगितलंसुद्धा नाही, हमीद. बघणाऱ्यांचा निरोप घ्यायलाही मिळाला नाही. इथून मात्र मी स्वतः उठणार. करार जूनला संपतोय. शेवटच्या दिवशी लोकांना सांगेन की ही माझी शेवटची बातमी, माईक स्वतः काढीन आणि जाईन. मला कुणी उठवायचं नाही." एवढीच त्यांची इच्छा होती. जगावेगळं काही मागितलं नव्हतं त्यांनी.

करार संपायच्या आदल्या पावसाळ्यात, म्हणजे आपल्याकडच्या पावसाळ्यात, इथे कसला पाऊस, बाई म्हणाल्या, अक्षर थोडं मोठं कर. केलं. महिन्याभराने म्हणाल्या, आणखी थोडं. एका ओळीत पाच शब्द मावत होते, त्याचे तीन झाले, मग दोन. मला वाटलं, पन्नाशी आली, चष्मा घ्यायला लाजतायत. मग एक दिवस त्या एका पायात काळा आणि एका पायात निळा बूट घालून आल्या. दिवसभर ऑफिसभर हिंडल्या. त्यांची टापटीप ज्याने पाहिली आहे त्याच्याच लक्षात येईल यात काय भयंकर होतं. मी खोलीचं दार लावलं आणि विचारलं, "मॅडम, तुम्हाला दिसत नाही का?"

"कडेचं दिसतं," बाई म्हणाल्या. "तुझा कान दिसतोय, दार दिसतंय. जिथे बघते तिथे मात्र धूर. तू बोलतोयस आणि तुझ्या गळ्यावर चेहराच नाही." डॉक्टर म्हणाले होते, डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग जातोय, औषध नाही. मग त्यांनी माझा हात धरला. "जूनपर्यंत, हमीद. फक्त जूनपर्यंत मला बसू दे."

मी काय फरिश्ता नाही, पण त्या क्षणी नाही म्हणणारा माणूस मला दाखवा! आम्ही युक्ती काढली. रोज दुपारी चारला बाई माझ्या खोलीत यायच्या, मी सगळं बातमीपत्र तीनदा वाचून दाखवायचो. तिसऱ्या खेपेला त्यांना ते पाठ असायचं, स्वल्पविरामासकट! सहाला त्या काळ्या काचेकडे बघून अस्खलित बोलायच्या. ऐनवेळी काही बदललं तर मी त्यांच्या कानातल्या यंत्रात दोन शब्द पुढे राहून हळूच सांगायचो आणि त्या बोलत जायच्या. त्यांच्या कानाशी बोलायची कळ माझ्याकडे होतीच, चुका सांगायला दिलेली. पाच महिने हे चाललं. कोणाला संशय नाही. उलट आमचे न्यूज डायरेक्टर साहेब म्हणाले, मॅडम हल्ली जास्तच आत्मविश्वासाने वाचतात. आम्ही दोघांनी एकमेकांकडे पाहिलं, म्हणजे मी पाहिलं.

मग एप्रिलमध्ये माझ्या जिभेने दावा साधला. तेलाची बातमी होती. बाई बोलत होत्या आणि शेवटच्या क्षणी आकडा बदलून आला. मी पडद्यावर बघितलं: एकावर दोन, पुढे पाच शून्यं. घाईत मोजली, आणि शाळेत मास्तरांनी छडी मारून शिकवलेलं तोंडातून बाहेर पडलं: "ट्वेल्व्ह लाख बॅरल्स." बाई किंचितही अडखळल्या नाहीत. माझ्यावर त्यांचा तेवढा विश्वास होता. त्यांनी तितक्याच गंभीरपणे साऱ्या जगाला सांगितलं, "ट्वेल्व्ह लाख बॅरल्स अ डे."

बातम्या संपायच्या आत तो तुकडा फोनाफोनी फिरायला लागला. हमद टाउनला घरी पोचलो तर बायको, रुक्साना, हसून लोळत होती. "अहो, ही तुमची बाई ना? लाख म्हणते बघा कशी! आपलीच झाली की!" आपल्या लोकांना कोण आनंद! सलमाबादच्या मेसपासून बाब अल बहरीनच्या सोनारांपर्यंत सगळे तो तुकडा लावून कौतुक करत होते. त्या कौतुकानेच बाईंचा घात केला. मी जेवलो नाही. रुक्साना विचारत राहिली, काय झालं, काय झालं, आणि मला तिच्यावरच खेकसावंसं वाटत होतं.

न्यूज डायरेक्टर इंग्रज होते, मूर्ख नव्हते. पडद्यावरचा तो आकडा इंग्रजीत 'वन पॉइंट टू मिलियन' असा वाचतात. अल्बानियाच्या बाईने तो डोळ्यांनी वाचून लाख म्हणणं शक्यच नव्हतं. दुसऱ्या दिवशी त्यांनी आम्हा दोघांना बोलावलं, बाईंच्या हातात एक कागद दिला आणि शांतपणे म्हणाले, "प्लीज, एवढं वाचा."

बाईंनी कागद धरला, खांदे सरळ केले, आणि आदल्या संध्याकाळच्या ठळक बातम्या पहिल्या शब्दापासून म्हणायला लागल्या. काय तो आवाज! एक शब्द इकडचा तिकडे नाही. तो कागद कॅन्टीनच्या जेवणाची यादी होती. चिकन बिर्याणी, दाल, सॅलड. मला दिसत होतं आणि मी खोकलोसुद्धा नाही. साहेबांनी तिसऱ्या बातमीला हात वर केला, मग हात दिसणार नाही हे त्यांच्या लक्षात आलं, आणि ते म्हणाले, "थँक यू. इनफ."

बाहेर पॅसेजमध्ये बाई म्हणाल्या, "तुला विचारतील. सांग, तुला वाटलं की वरून परवानगी आहे. बाकी मी बघते. तुझं घर आहे, मुलगी दहावीला आहे." स्वतःच्या पायाखाली जमीन नव्हती आणि ही बाई माझं घर सावरत होती.

एचआरच्या माणसाने माझा जबाब लिहून घेतला. मी बाईंनी सांगितलं तेवढंच सांगितलं. तो म्हणाला, "हे पुरत नाही. पाच महिने गप्प का बसलास? कारण दे, नाहीतर तुझाही व्हिसा कॅन्सल." आणि मी, हमीद, ज्याला बाई बहिणीसारखा जीव लावत होत्या, मी शेपूट घातली. मी सांगितलं, मॅडमनी धमकी दिली होती. तोंड उघडलंस तर कामावरून काढायला लावीन म्हणाल्या. त्याने टाइप केलं, मी सही केली. घरी जाऊन सांगितलं, सगळं मिटलं, खलास. रुक्सानाने अल्लाचा शुक्र केला.

बाईंना पुन्हा त्या खुर्चीवर बसू दिलं नाही. निरोप नाही, काही नाही. संध्याकाळी सहाला दुसरीच पोरगी वाचायला लागली आणि तिची अक्षरं मी सरकवली.

जायच्या दोन दिवस आधी बाईंनी मला दुपारी फ्लॅटवर बोलावलं. सामान बांधलेलं होतं. आधी त्यांचा फोन मी नीट लावून दिला. नव्या सोयी असतात ना, तसा: हात लावाल ते वाचून दाखवतो, आणि कुणाचा फोन आला की त्याचं नाव मोठ्याने बोलतो. माझ्या फोनवरून लावून दाखवला. "हमीद, हमीद," फोन बोलला. बाई लहान मुलीसारख्या खूश झाल्या. मग त्यांनी एक जाड फाइल पुढे केली. "ऑफिसचे कागद आहेत. न वाचता मी आयुष्यात सही केलेली नाही. पहिल्यापासून वाच. यल्ला, चल."

मी वाचत गेलो. करार रद्द, व्हिसा, तिकीट, सामानाचं वजन. आणि एक पान उलटलं तर खाली माझी सही दिसली. जबाब फाइलला जोडलेला होता. मी ते पान आणि पुढचं पान एकत्र धरून उलटलं आणि तिकिटाच्या नियमांपासून वाचायला लागलो.

"दोन पानं उलटलीस," बाई म्हणाल्या.

तीस वर्षं कागद हाताळलेल्या बाईला मी फसवायला निघालो होतो. म्हटलं, "चिकटली होती, मॅडम."

"मग सोडव. आणि वाच."

मी वाचलं. माझं नाव, माझा हुद्दा, आणि मग ते. मॅडमनी मला धमकावलं. मी घाबरून गप्प बसलो. माझा आवाज घशातून येत होता, बाई थांबवत नव्हत्या. त्यांचा चेहरा हलला नाही. सहीपर्यंत वाचून झालं. मी वाट बघत होतो की शिव्या देतील, फाइल भिरकावतील, निदान रडतील तरी. मला ते हवंच होतं.

"पुढचं पान," बाई म्हणाल्या.

मी शेवटपर्यंत वाचलं. त्यांनी बोटाने जागा चाचपून सह्या केल्या, मला दारापर्यंत सोडलं, आणि कॉफी विचारायला त्या कधी विसरत नसत, ती त्या दिवशी विचारली नाही.

त्याला आता बरेच महिने झाले. मी दर शुक्रवारी तिरानाला फोन लावतो. रिंग पूर्ण वाजते. फोन बंद नाही, नंबर बदललेला नाही. तिकडे एखाद्या खोलीत तो फोन माझं नाव मोठ्याने पुन्हा पुन्हा सांगत असणार, आणि बाई शेजारी बसून ऐकत असणार.