नऊ किलोमीटरचा हुकूम

माझे वडील मैलकुली होते. हा शब्द आता कुणाला कळत नाही, म्हणून सांगते. रस्त्याचा एक तुकडा ज्याच्या अंगावर, तो मैलकुली. खड्डे बुजवायचे, कडेला मुरूम टाकायचा, बाभळी छाटायच्या, किलोमीटरचे दगड रंगवायचे. आमचा रस्ता कराडच्या पूर्वेला, उणापुरा नऊ किलोमीटरचा; पण राज्य महामार्ग! दगडांची डोकी हिरवी. हिरवं डोकं म्हणजे राज्याचा रस्ता, हे मला शाळेत जायच्या आधीपासून ठाऊक.

वडिलांचं एक पालुपद होतं, "हुकूम आलाय का?" हुकमाशिवाय त्यांनी कधी फावडं उचललं नाही, आणि हुकूम आला की अंगात ताप असला तरी खाली ठेवलं नाही.

नव्वदच्या दशकाच्या मध्यावर गावाबाहेरून नवा रस्ता झाला आणि आमचा रस्ता महामार्गाच्या यादीतून कटाप. वडिलांची बदली नव्या रस्त्यावर. जाताजाता हुकूम आला, रस्ता आता राज्याचा नाही, जुन्या दगडांची डोकी काळी करा. त्यांनी केली! माझं डोकंच फिरलं.

"आवं, सोताच्या हातानं रंगवल्यालं तुमीच पुसताय?"

"हुकूम हाय," म्हणाले.

पंधरा दिवसांत सकाळची एस.टी. बंद झाली. त्या गाडीनं मी कराडला कॉलेजात जायची. नव्या रस्त्यावरच्या जलद गाड्या आमच्यासाठी थोड्याच थांबणार? मामा लगेच स्थळ घेऊन हजर. "गाडीच न्हाई तर शिक्षण कसलं? उजवून टाका."

"गाडी चालू हुतीया का न्हाई बघा, मग बोला," मी म्हटलं. आईनं डोळे वटारले. वटारू देत.

दुसऱ्या दिवशी दुधाच्या टेम्पोत बसून कराडचा एस.टी. डेपो गाठला. डेपोच्या साहेबांनी मान वर केली नाही. "बाभळींनी काचा फुटतात, खड्ड्यांनी स्प्रिंगचे पाटे मोडतात. रस्ता नीट करा, मग बघू." बघू म्हणजे नाही, हे न कळायला मी काही दूधखुळी नव्हते. पण शब्द त्यांच्या तोंडून गेला होता आणि मी तो सोडणार नव्हते.

"रविवारी बाभळी तोडायच्या," मी घरी सांगितलं.

"हुकूम न्हाई. रस्ता आता आपला न्हाई."

"मग कुणाचा हाय? सांगा की!"

वडील खाली मान घालून भाकरी खात राहिले. रविवारी मी एकटीच कोयता घेऊन गेले. दुपारपर्यंत काट्यांनी हात सोलवटले. रडू येत होतं, पण रडायला बसले असते तर मामा जिंकला असता. तेवढ्यात मागं फावड्याचा आवाज आला. वडील एक खड्डा कडा तासून चौकोनी करत होते.

"बुडातनं घाव घाल, तसा न्हवं," एवढंच बोलले.

असे सहा रविवार गेले. मग मी पुन्हा डेपोत जाऊन साहेबांच्या टेबलापुढं उभी राहिले आणि त्यांना रस्ता बघायला जीपमधून यावंच लागलं. गाडी पुढच्या सोमवारी सुरू झाली, मी बी.ए. झाले, मामा अजून रुसलाय. पण माझ्या मनात घट्ट बसलाय तो त्या दिवशीचा जीपजवळचा सवाल. साहेबांनी नऊच्या नऊ किलोमीटर बघितले आणि वडील आता नव्या रस्त्याचे मैलकुली, हे कळताच त्यांच्यावर डाफरले, "हा रस्ता तुमच्याकडं नाही. कुणाच्या हुकमानं केलंत हे?"

आता साहेब वर कळवणार आणि वडिलांची नोकरी जाणार.

वडिलांनी टोपी काढून घाम पुसला, टोपी परत नीट घातली.

"पोरीच्या," म्हणाले.