दादा शुद्धीवर होता, ही माझी साक्ष

हे मी कुणापाशीच बोललेलो नाही. बायकोपाशी नाही, आणि ती माझ्या आधी गेली, म्हणजे आता तीही सोय राहिली नाही. चारचौघांत कोर्टकचेरीच्या गोष्टी निघाल्या की मी पान लावायला घ्यायचो. माझ्याइतकं निगुतीनं पान लावणारा आमच्या गावात नाही म्हणतात, ते यामुळंच. तुम्ही मला ओळखत नाही — म्हणून तुमच्याशी बोलतोय. ओळखीच्या माणसाला सांगायची छाती मला अजूनही नाही.

कुठून सुरुवात करू? दादापासूनच करतो.

भगवानदादा माझा थोरला भाऊ. वडील लवकर गेले, त्यामुळे घर, रान, बैलं सगळं त्याच्या अंगावर पडलं. आमचं गाव वाटूरकडं, काळ निजामाचा. दादा अबोल होता, पण बैलबाजारात लोक त्याला सोबत न्यायचे. तो जनावराच्या पाठीवर हात ठेवून नुसता उभा राहायचा आणि घ्यायचं की नाही ते एका शब्दात सांगायचा. गावात त्याला मान होता. माझ्यासारख्या बडबड्याला तो नव्हता, आणि ते मला टोचायचं — हेही सांगून टाकतो.

पण पोळा होऊन गेला की दादा बदलायचा. दरवर्षी नाही, एखादं वर्ष नीट जायचं. आधी झोप जायची, मग जेवण सुटायचं. मग विहिरीजवळून जाताना थांबायचा आणि कान द्यायचा. विहिरीत माणसं बसलीत, ती माझ्याबद्दल बोलतात, म्हणायचा. पहिल्यांदा मी हसलो. दुसऱ्या वर्षी हसलो नाही, कारण त्या वर्षी त्यानं मायवर मुसळ उगारलं होतं. नंतर तिच्या पायाशी बसून लहान पोरासारखा रडला. ती तू नव्हतीस माय, दुसरंच कुणी होतं, म्हणत होता.

बांधायचं त्यानंच सुचवलं. वासराचं दावं, त्याला मायच्या जुन्या लुगड्याची पट्टी गुंडाळलेली, म्हणजे मनगटं सोलपटू नयेत. गोठ्यात मागच्या बाजूला कडब्याच्या आड जागा केली होती. अंगात ते भरायला लागलं की दादा आपणहून यायचा आणि हात पुढे करायचा. उतरलं की "सोड आता" म्हणायचा, आणि आम्ही सोडायचो. एकदाही त्याचा अंदाज चुकला नाही. वेड्याला आपलं वेड कळत नाही म्हणतात ना? दादाला कळायचं. कोणत्याही हकिमापेक्षा जास्त कळायचं.

आणि आम्ही ते लपवायचो. केवढं लपवायचो! गावाला सांगायचो, दादाला हिवताप आलाय. कधी सांगायचो, मामाकडं गेलाय. दर्ग्याला न्यायचं तर गाडीला पडदे लावून, गाव जागं व्हायच्या आत. मायनं त्याच्या दंडाला बांधलेला तावीजसुद्धा बाहीखाली असायचा. शेजारच्या भिंतीपलीकडं माणसं राहत होती, पण त्यांना कळलं नाही. आमच्या घरानं एवढ्या मेहनतीनं दुसरं कोणतंच काम कधी केलं नसेल.

का लपवायचं, हे तुम्हाला सांगायला नको. घरात एक वेडा निघाला की त्या घरात कुणी पोरगी देत नाही. रक्तात असतं म्हणतात.

आता माझं सांगतो. बदनापूरला एका लग्नात मी एक मुलगी पाहिली होती. पंगतीत वाढताना माझा फेटा सुटून आमटीच्या बादलीत पडला आणि ती अशी हसली, की मी दुसऱ्या दिवशीच मामाच्या मागे लागलो. मामानं धावपळ करून सोयरीक जुळवत आणली. मंडळी घर पाहायला येणार, असा निरोप आला. दिवस ठरला तो पोळ्यानंतरचा. मला कळत नव्हतं का? कळत होतं. पण मला घाई होती.

आमच्याकडं पाहुणे घर पाहायला आले की आधी गोठा पाहतात. ओसरीवर पाणी प्यायच्या आधी. जनावरं किती, कशी राखलीत, कडबा किती उरलाय — घराची ऐपत तिथं कळते. पोरीचा बाप गोठ्याच्या मागच्या भिंतीपर्यंत जातो, हात लावून पाहतो. त्याला कुणी अडवत नाही.

त्या सकाळी मी गोठा झाडत होतो, आणि दादा येऊन उभा राहिला. डोळे लाल. हात पुढे केलेले.

"बांध रे मला," म्हणाला. "आज बराबर न्हाई. लई जोरानं बोलून राह्यलेत ते."

मी काय केलं असेल? दावं आढ्यावर टाकलं. म्हणालो, "दादा, आजच्या दिवस कड काढ. पाहुणे येऊन राह्यलेत. तू सटवासंगं रानात जा, सांजच्याला बांधतो."

तो थोडा वेळ हात तसेच धरून उभा राहिला. मग गेला. धाकट्या भावाचं लग्न म्हणून गेला, दुसरं काय?

सटवा आमचा सालगडी. शेताच्या कडेला खोपटं, बायको कौसाबाई, दोन लेकरं. दादाबरोबर त्याला रानात धाडताना मी त्याला काय सांगितलं? जरा जपून राहा, एवढं तरी? — काहीच नाही. हसत म्हणालो, मालकाला जरा कणकण आहे, सावलीत बसव. आठ वर्षं आमच्याकडं राबणाऱ्या माणसालासुद्धा आम्ही कळू दिलं नव्हतं.

पाहुण्यांनी गोठा पाहिला. पसंत केला. ओसरीवर सुपारी फुटत होती, तेवढ्यात रानातून बोंब आली.

दादानं सटवाला कुऱ्हाडीनं मारलं होतं. सटवा भाकरी खायला बसला होता, पाठमोरा. नंतर दादानं विहिरीवर जाऊन कुऱ्हाड धुतली आणि काठावर बसून राहिला. मी पोचलो तेव्हा माझ्याकडं पाहून म्हणाला, "त्यांनी मागितली व्हती. धुऊन दाखव म्हणले." कोण ते, हे मी विचारलं नाही. मला ठाऊक होतं. आणि हे वाक्य ऐकायला माझ्याशिवाय तिथं कुणी नव्हतं.

पोलीस अमीन आला, दादाला घेऊन गेला. तुरुंगात महिन्याभरात त्याचं उतरलं, नेहमी उतरायचं तसं. सरकारी डॉक्टरनं तपासलं तेव्हा दादा सरळ बोलत होता, विचारलं त्याचं उत्तर देत होता. डॉक्टरनं लिहून दिलं, डोकं ठीक आहे. गावाकडून साक्षीला आलेले सगळे म्हणाले, भगवान समजदार माणूस, वेडाचं कधी ऐकलं नाही. ते खोटं बोलत नव्हते. आम्हीच त्यांना ऐकू दिलं नव्हतं.

आमचे वकीलसाहेब जालन्याचे, म्हातारे, मुसलमान. त्यांनी मला समोर बसवून समजावलं. कायदा अशा माणसाला गुन्हेगार धरत नाही, ज्याला करताना आपण काय करतोय ते कळत नव्हतं. त्याला वेड्यांच्या इस्पितळात ठेवतात, तुरुंगात नाही. पण हे कुणी सांगायचं? घरच्यांनीच. "देखो मियाँ," म्हणाले, "तुम्हारे सिवा कोई नै जानता. सच बोल देव, बस." दावं आणायला सांगितलं त्यांनी. लुगड्याची पट्टी गुंडाळलेलं दावं. मी आणतो म्हणालो. साक्ष देतो म्हणालो. मायलाही बोलवायचं होतं त्यांना. मी म्हणालो, म्हातारीला ऐकू येत नाही, दिसत नाही. त्या वर्षी माय दिव्याच्या उजेडात सुई ओवत होती.

म्हणजे बघा, मायला मी आधीच बाजूला काढलं होतं. मग तारखेच्या दिवशी ऐनवेळी माझं मन फिरलं, असं मी स्वतःला इतकी वर्षं सांगत आलो, ते कसं खरं असेल?

मामा बदनापूरहून निरोप घेऊन आला होता. तुम्हाला वाटेल, खून झालेल्या घरात पोरगी कोण देतो? तर ऐका. ते लोक म्हणत होते, रानात भांडणं होतात, राग येतो, हात उठतो — कोणत्या घराण्यात झालं नाही? त्याला आम्ही डाग मानत नाही. पण कोर्टात वेडाचं निघालं तर सुपारी परत. खुनी भाऊ चालत होता, वेडा भाऊ चालत नव्हता. आणि मला यात काही विपरीत वाटलं नाही, याचीच आज भीती वाटते.

औरंगाबादच्या अदालतीत मी पिंजऱ्यात उभा राहिलो. दावं घरीच होतं. समोर दादा, बेड्यांत, दाढी वाढलेली. मला पाहून त्याला बरं वाटलेलं दिसलं. मागच्या बाकावर मामा, आणि दाराशी कौसाबाई, धाकटं लेकरू मांडीवर घेऊन.

वकीलसाहेबांनी विचारलं, तुझ्या भावाला याआधी कधी वेडाचे झटके आले होते का?

"न्हाई."

त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. पुन्हा विचारलं. घरात कधी बांधून ठेवावं लागलं होतं?

"बिलकुल न्हाई, साहेब. दादा शुद्धीवरच असायचा. आतापन हाये."

इथपर्यंत भित्रेपणा म्हणाल. मीही तसंच म्हणत आलो. पण इथं थांबलो नाही मी. मग खून कशापायी झाला, जज्जसाहेबांनी विचारलं. मी ठाऊक नाही म्हणू शकत होतो ना? मी म्हणालो, सटवा कामचुकार होता, बैलं उपाशी ठेवायचा, त्यावरून दोघांची कुरबुर चालली होती. आणि कुऱ्हाड धुतल्याचं मला कुणी विचारलंच नव्हतं. मी आपणहून सांगितलं, की रक्त लपवायला धुतली असेल. गोष्ट बराबर जुळावी म्हणून.

सटवानं आमची बैलं कधी उपाशी ठेवली नव्हती. स्वतः जेवायच्या आधी त्यांना वैरण टाकायचा. कौसाबाई दाराशी उठून उभी राहिली, काहीतरी बोलायला लागली, तर शिपायानं तिला बाहेर काढलं. मेलेल्या माणसाचं नावही मी शिल्लक ठेवलं नाही.

दादाला जन्मठेप झाली. हैदराबादच्या तुरुंगात होता. पुढच्या पोळ्यानंतर तिथं त्याला पुन्हा भरलं असेल, तेव्हा त्यानं कुणापुढं हात केले असतील, आणि त्यांनी काय केलं असेल? मला माहीत नाही. मी एकदाही गेलो नाही. तो तिथंच वारला. इस्पितळात सुखी राहिला असता, असंही मी म्हणत नाही, तिथंही साखळ्याच होत्या म्हणतात. पण ते ठरवणारा मी कोण होतो?

माय विचारायची, "त्याच्या डोक्याचं सांगितलंस ना रे?" मी म्हणायचो, "सांगितलं माय, जज्जानं ऐकलं न्हाई." मरेपर्यंत ती त्या जज्जाला शिव्या घालत होती. भला माणूस होता तो. त्याच्यापुढं जे आलं त्यावर त्यानं निकाल दिला.

एवढ्यावर संपवता आलं असतं. पण एक राहिलंय, आणि मी इतका वेळ तेच टाळतोय.

माझी साक्ष झाली, आणि दादाला बाहेर आणलं. व्हरांड्यात मी समोरूनच आलो, चुकवायला जागा नव्हती. मला वाटलं थुंकेल, शिवी देईल. मी मान खाली घातली. पण दादा हसत होता. खरंच हसत होता, तोंडभर. शिपायाला म्हणाला, "ऐकलं का? माझा भाऊ हाये ह्यो. समद्यांसमोर बोलला, माझं डोकं बराबर हाये." त्याला वाटलं, मी खरंच तसं मानतो. इतकी वर्षं ज्या घरानं त्याला कडब्याआड दडवलं, त्या घरातला एक माणूस भर अदालतीत उभा राहून बोलला होता, आणि तो मी होतो.

बेड्यांचे हात त्यानं माझ्या खांद्यावर टेकवले. "मंग चल की घरी," म्हणाला. "आता कशाला ठेवतेत मला हे? गाडी जुंपली का?"

मी त्याचे हात खांद्यावरून काढले आणि पायऱ्या उतरून मामाकडं गेलो. त्याला म्हणालो, बदनापूरला निरोप धाडा, तारीख काढायला हरकत नाही.