हात लावायला माणूस

आबा गेल्याचा निरोप सासरी नशिराबादला आला तेव्हा मी हंडा उचलत होते. धुळ्याला पोहोचले तर त्यांना अंगणात आणून ठेवलेलं... मला त्यांचा रागच आला. एवढी घाई कसली होती आबा?

माझे वडील बाजारात हमाल. शंभर किलोचं पोतं एकट्याच्यानं पाठीवर येत नाही. कोणीतरी थप्पीवरून उचलून द्यावं लागतं. आबांच्या पोत्याला हात लावायला कायम भिकाकाका. दोघांची भाकरीसुद्धा एकाच फडक्यात असायची.

पोत्याचं वजन कमी करा म्हणून सगळ्या हमालांनी मागणी केली आणि शेठनी सगळ्यांनाच काढलं. मंडळी कामगार कोर्टात गेली. पुढे घरोघरी चुली विझायला लागल्या तसा एकेक जण माफी मागून परत गेला, भिकाकाकाही. आबा तेवढे अडून बसले. आई शेतात निंदायला जायची आणि त्यांच्या हट्टाला शिव्या घालायची. काही वर्षांनी निकाल लागला, कामावर परत घ्या. त्या दिवशी तिनंच शिरा केला.

दुसऱ्या दिवशी आबा कामावर गेले. शेठनी त्यांना अडवलं नाही. बाकीच्यांना मात्र बजावलं होतं, याच्या पोत्याला जो हात लावेल त्यानं उद्यापासून येऊ नये. आबा थप्पीजवळ गुडघ्यांवर हात टेकून, पाठ वाकवून उभे राहिले. शेजारून माणसं पोती घेऊन जात होती. भिकाकाकांनी मान वर केली नाही. संध्याकाळपर्यंत आबा तसेच. पुढचे कितीतरी दिवस तसेच.

"कोर्टनी काम दिन्हं," ते आईला म्हणाले, "हात कोन देई?"

शेवटी त्यांनी खाट धरली. काम मिळत नाही म्हणून वकिलांनी पुन्हा कोर्टात अर्ज केला. तिथे शेठनी सांगितलं, आम्ही घेतलं होतं, हाच यायचा बंद झाला. जज्जसाहेबांनी आबांना विचारलं, तुम्हाला कोणी अडवलं का? आणि आमचा हा देवमाणूस शपथेवर म्हणाला, नाही साहेब. वकिलांनी कपाळाला हात लावला. घरी मी भांड भांड भांडले.

"कोनी अडावं नही ना वं माय," एवढंच बोलले.

तिथून माणूस खचला तो खचलाच.

तिरडी उचलायला भिकाकाका पुढे आले, मागे सगळे हमाल. मी आडवी आले. म्हटलं, आता कशाला आलात? ते लहान पोरासारखे रडत उभे राहिले. आईनं मला बाजूला ओढलं. चौघांनी आबांना उचललं. इतके वाळले होते, एकट्याच्यानंही उचलले गेले असते...

माहेरी मी पाणी भरायला लागले की ते धड उभं राहवत नसतानाही खाटेवरून उठायचे. "थांब वं माय, हात लावस." तेवढ्यासाठी मी मुद्दाम थांबायचे.

इथे नळावर हंडा भरला की अजूनही वाकून थोडी थांबते. मग एकटीच उचलते.