मढ बेटावरचे महाराज

“गाईड म्हणजे ही? मला वाटलं, कुणाची तरी मुलगी सोबत आलीये.”

लेलेकाकू हे शेजारच्या बाईंच्या कानात म्हणाल्या. पण त्यांचा आवाज महिला मंडळाच्या सभांमध्ये तयार झालेला, त्यामुळे वर्सोव्याच्या धक्क्यावर टोपल्या उतरवणाऱ्या कोळणींनीही वळून माझ्याकडे पाहिलं. मी लेलेकाकूंच्या बरोबर मागे उभी होते. हातात छत्रीच्या काडीला बांधलेला पिवळा रुमाल होता, गाईडची खूण म्हणून. चेहरा लपावा म्हणून मी तो जरा खाली घेतला. रुमाल लहान होता.

ही सगळी कल्पना बाळकाकाची. बाळकाका म्हणजे बाबांचा धाकटा भाऊ. गिरणीत टाइमकीपर होता. संपानंतर गिरणी उघडलीच नाही आणि काका आमच्या पार्ल्याच्या घरात, गॅलरीतल्या खुर्चीत येऊन बसला. रोज सकाळी सातला दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून बसायचा आणि संध्याकाळी तोच शर्ट हँगरला लावायचा. असं वर्षभर चाललं. मग एक दिवस तो उठला आणि म्हणाला, “मी सहली काढणार.” आईने त्या आनंदात दुपारी चारला पुरणपोळ्या लाटायला घेतल्या. त्यामुळे कल्पनेत काही खोट असली, तरी ती काढायची कुणाची छाती झाली नाही.

पत्रक काकाने स्वतः लिहिलं. ‘एक दिवसात बेटाची सफर. देवदर्शन, समुद्रदर्शन, सुग्रास भोजन. सोबत गाईड.’ घारापुरीला त्याने गोऱ्या लोकांपुढे हात हलवत चालणारे गाईड पाहिले होते आणि गाईडशिवाय सहल म्हणजे नुसती पायपीट, असं त्याचं ठाम मत झालं होतं. गाईड इंग्रजी बोलतो, आमच्या घरात इंग्रजी शाळेत शिकलेली मी एकटी, म्हणून गाईड मी. (येणाऱ्या बावीस बायकांपैकी एकीलाही इंग्रजीतून काही ऐकायचं नव्हतं, हे मी सांगून पाहिलं. म्हणजे मनातल्या मनात.) शाळेच्या दहा वर्षांत मी वर्गात मोठ्याने बोललेला शब्द एकच, हजेरीचा. कॉलेजात तर मैत्रीण माझी हजेरी लावायची, कारण माझा आवाज सरांपर्यंत पोचत नसे.

पण काकाने मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, “मीनू, लेलेबाई खूश झाल्या ना, तर मंडळाच्या वर्षभराच्या सहली आपल्याला. नाही झाल्या, तर मी आहेच गॅलरीत.” यावर ‘मला जमणार नाही’ असं म्हणणारी पुतणी जगात असेल. मी ती नव्हते.

तर आम्ही होडीने खाडी ओलांडून मढला उतरलो. वार बुधवार होता, नवरे ऑफिसात आणि मुलं शाळेत असल्यामुळे बायका फुलून आल्या होत्या. आधी समुद्रकिनारा झाला. तिथे मला काही सांगावं लागलं नाही, समुद्र सगळ्यांना दिसत होता. खरी परीक्षा पहिल्या देवळापाशी आली. लेलेकाकूंनी विचारलं, हे देऊळ किती जुनं?

मी म्हटलं, “बरंच.”

कुणी बांधलं?

“लोकांनी.”

मागे उभ्या असलेल्या काकाने खिशातून रुमाल काढून कपाळ पुसलं. मी लायब्ररीतून एक जाडजूड पुस्तक आणून बेटांवर बारा पानं टिपणं काढली होती. पण त्या पुस्तकात जगातली सगळी बेटं होती, मढ नव्हतं. तेव्हा मी एक श्वास घेतला आणि म्हणाले, “तीनशे वर्षं. एका व्यापाऱ्याचं गलबत वादळातून वाचलं, त्याने बांधलं.”

“अगंबाई,” लेलेकाकू म्हणाल्या, आणि बावीस जणींनी एकदम हात जोडले.

मला स्वतःचीच भीती वाटायला हवी होती. वाटली नाही. उलट दुसऱ्या देवळात कुणी न विचारताच मी बोलले. तिथल्या घंटेचा आवाज पूर्वी पैलकिनाऱ्यापर्यंत जायचा असं सांगितलं. तिसऱ्या देवळासमोरच्या पिंपळाखाली मी एका साध्वीला बारा वर्षं तपाला बसवलं. इतकी वर्षं न बोललेलं सगळं त्या सकाळी बाहेर येत होतं, आणि त्यातलं एक अक्षर खरं नव्हतं! काका पाठीमागून कौतुकाने मान हलवत होता. त्याला वाटत होतं, हे सगळं त्या जाड पुस्तकात आहे.

दुपारी बाराच्या सुमाराला आमच्यातल्या सावंतमावशींची एक चप्पल चिखलात रुतली आणि वर आलीच नाही. काका मावशींसोबत ती शोधायला थांबला. मला म्हणाला, “तू यांना घेऊन पुढे हो. सरळ जा, विहिरीपाशी डावीकडे वळ. शेवटचं देऊळ लागेल, मागे मांडव घातलाय. स्वयंपाकाच्या बाईंनी पानं मांडून ठेवली असतील.”

त्या वाटेवर विहिरी दोन होत्या. हे काकाने सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. पहिल्या विहिरीपाशी मी घुटमळले, कारण पुढे दुसरी दिसत होती. पाच पावलांवर एक म्हातारी कोळीण बोंबील वाळत घालत होती. तिला विचारायचं, की झालं. पण गाईडने रस्ता विचारायचा? तोही लेलेकाकूंच्या देखत? शिवाय सगळ्या सकाळचं बोलणं माझं एकटीचं होतं. अनोळखी माणसाला काही विचारणं मला अजूनही जमत नव्हतं. मी रुमाल उंच केला आणि डावीकडे वळले.

आणि काय आश्चर्य, देऊळ लागलं. छोटं होतं, पण देऊळ होतं. त्याच्यामागे मांडव होता. मांडवात केळीची पानं मांडलेली होती आणि कडेला वरणभाताची पातेली वाफाळत होती. पानांवर बसलेले लोक अगदी थोडे होते. डोकं तुळतुळीत केलेला एक तरुण पुढे आला. एवढ्या बायका बघून तो जरा गांगरला, मग हात जोडून हळूच म्हणाला, “या. बसा.”

काय पण व्यवस्था, असं लेलेकाकू म्हणाल्या तेव्हा मला काकाचा फार अभिमान वाटला.

मांडवाच्या टोकाला चौरंग होता. चौरंगावर एक मोठा फोटो, त्याला झेंडूचा हार, पुढे समई. फोटोत पांढऱ्या दाढीचे एक गृहस्थ उजवा हात उंच करून उभे होते. पंजा उघडा, नजर दूर. काकूंनी पदर डोक्यावर घेतला आणि विचारलं, “हे कुठले महाराज गं?”

अजूनही मी गप्प बसू शकले असते. गप्प बसण्याचा मला वीस वर्षांचा अनुभव होता.

“हे इथलेच सत्पुरुष,” मी म्हटलं. “आशीर्वाद देताहेत. यांचा हात वर आहे, तोवर या खाडीत कुणी बुडत नाही.”

पानांवर बसलेल्या एका म्हाताऱ्याने हे ऐकून डोळे पुसले. भक्त असणार, असं मी धरून चालले. पुढचं माझ्या हातात राहिलं नाही. बायकांनी रांग लावून फोटोला नमस्कार केले. एकीने मुलीचं लग्न जमू दे म्हणून साकडं घातलं. दुसरीने सात वर्षं नंबर लावूनही न आलेला टेलिफोन मागितला. मग कुणीतरी म्हणालं, आलोच आहोत तर आरती करून घेऊ. आणि एकवीस जणी, टाळ्या वाजवत, मोठ्या आवाजात, तीन-तीन आरत्या! गावकरी आधी एकमेकांकडे बघत राहिले. मग त्यांच्यातल्या दोघांनीही हळूहळू टाळ्या धरल्या. शहरातल्या लोकांत अशीच रीत असेल, असं त्यांना वाटलं असावं.

आरतीनंतर पंगत बसली. तो तुळतुळीत डोक्याचा तरुण स्वतः वाढत होता. (महाराजांचा शिष्य, असं मी कुणी न विचारता सांगून टाकलं.) लेलेकाकूंनी खीर दोनदा मागून घेतली, भाताला नावाजलं आणि पंगतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत ऐकू जाईल असं जाहीर केलं, “बाळासाहेबांची व्यवस्था झकास आहे हो. वर्षभराच्या सहली यांच्याकडेच.”

झालं! काकाचं काम झालं. मी पहिल्यांदा मान वर करून नीट आजूबाजूला पाहिलं.

मांडवाला लागून असलेल्या घराच्या उंबऱ्याच्या आत एक म्हातारी बाई गुडघे जवळ घेऊन बसली होती. कपाळ मोकळं होतं. दोन बायका तिच्या पाठीवर हात ठेवून होत्या. अंगणात पालथी घातलेली एक होडी होती, तिच्या नाळेला, म्हणजे पुढच्या टोकालाही, हार होता. मी पुन्हा त्या वाढणाऱ्या तरुणाच्या डोक्याकडे पाहिलं. मग फोटोकडे. इंग्रजी शाळेत मला पृथ्वीवरच्या सगळ्या सामुद्रधुन्या शिकवल्या होत्या. पण डोकं केलेला मुलगा, मांडव आणि हार घातलेला फोटो यांची बेरीज करायला मला एवढा वेळ लागला. घास तोंडातच राहिला.

तेवढ्यात ती बाई उठून बाहेर आली आणि नेमकी माझ्यासमोर थांबली. तो पिवळा रुमाल मी अजून धरलेला होता. तिने विचारलं, आम्ही सगळ्या यांच्या होडीतल्या ना? नाखवा चाळीस वर्षं लोकांना खाडीपार नेत होते, पण आज तेराव्याला तिकडून कुणी येईल असं तिला वाटलं नव्हतं. गावातली निम्मी माणसं कामावर गेलेली, पानं रिकामी राहायची पाळी आली होती. मग ती फोटोकडे बघून म्हणाली, “तू बोललीस ते खरं गो, बाय. यांच्या हातून कोन बुडलं नाय. हा फोटो बी होडीतच काढलेला, हात करून थांब थांब सांगत होते फोटोवाल्याला.”

मी मान हलवली. फक्त हलवली! याहून नीच काम मी आयुष्यात केलेलं नाही. आणि माझ्या शेजारी, हात धुऊन आलेल्या, काही न ऐकलेल्या लेलेकाकू तिला प्रसन्नपणे म्हणाल्या, “येतो हं आजी. पुढच्या महिन्यात पुन्हा येतो, पन्नास जणींना घेऊन.”

तेराव्याच्या मांडवातून निघताना ‘येतो’ म्हणत नाहीत, एवढं मलासुद्धा माहीत होतं. वाढणाऱ्या मुलाच्या हातातली पळी तशीच राहिली.

त्याच क्षणी मांडवाच्या तोंडाशी बाळकाका आला. घामाघूम झालेला, एका हातात चिखलाची चप्पल. म्हणाला, मीनू, अगं तिकडे दुसऱ्या विहिरीपाशी बाई तासभर पानं मांडून बसलीय, तुम्ही इथे काय करताय? त्याच्यामागे एका पायाने लंगडत सावंतमावशी आल्या. त्यांनी फोटो पाहिला, पानावरचे वडे पाहिले आणि तोंडावर हात घेतला. “अगो बाय माझे, ह्या तर तेराव्याचा जेवाण!”

सगळ्या जणी ताठ झाल्या. टेलिफोन मागणाऱ्या बाईंनी फोटोकडे पाहून जीभ चावली. लेलेकाकूंचा चेहरा आधी पांढरा झाला, मग लाल. त्या माझ्याकडे वळल्याच नाहीत, सरळ काकाकडे वळल्या. “हे सुग्रास भोजन? दुसऱ्याच्या सुतकात नेऊन बसवलंत आम्हाला? आरत्या म्हणायला लावल्यात?”

काकाला अजून काही कळलं नव्हतं. पण त्याने एकदा माझ्याकडे पाहिलं, आणि त्याला तेवढं पुरलं. त्याने चप्पल खाली ठेवली, चिखलाचे हात जोडले आणि म्हणाला, “चूक माझी झाली, काकू. पोरीला रस्ता मी नीट सांगितला नाही.” गॅलरीत संध्याकाळी शर्ट हँगरला लावताना त्याचे खांदे जसे व्हायचे, तसे झाले होते.

पायाखालच्या वाळूत शिरून पलीकडे वर्सोव्याला निघता आलं असतं, तर मी निघाले असते. पण वाळू घट्ट होती.

मी त्या नाखवीणबाईंपुढे गेले. रुमालाची काडी खाली टाकली. म्हणाले, “आजी, आम्ही यांच्या होडीत कधी बसलो नव्हतो. आम्ही चुकून आलो. मी रस्ता विचारला नाही. आणि यांच्याबद्दल मी जे बोलले, ते मला माहीत नव्हतं, बनवून बोलले. मला माफ करा.”

शिव्या बसतील असं वाटलं, बसल्या असत्या तर बरं झालं असतं. तिने फक्त विचारलं, “जेवलाव ना पोटभर?” मी हो म्हटलं. “मग झालं,” ती म्हणाली, आणि आमच्या उष्ट्या पानांकडे पाहून आत गेली.

लेलेकाकूंनी खूप हळू, त्यांच्या मानाने खरोखरच हळू, विचारलं, “बनवून? आणि मग सकाळची ती देवळं? ते व्यापाऱ्याचं गलबत? ती साध्वी?”

वीस वर्षांत माझा आवाज इतका मोठा कधीच लागला नव्हता. पानांवरच्या म्हाताऱ्यांनी माना वर केल्या, काकाने डोळे मिटून घेतले.

“काकू, काकाची सहल खरी आहे, आणि तिकडच्या मांडवात त्याने सांगितलेलं जेवणही खरं आहे,” मी म्हटलं. “मी दाखवलेल्यापैकी मात्र समुद्र तेवढा खरा आहे.”