फ्रेम घेऊन शाळेत गेले त्याची गोष्ट

काय सांगू, माझ्यासारखी शहाणी अख्ख्या हर्सूलमध्ये शोधून सापडायची नाही! ऐका आणि हसा, माझी हरकत नाही. बाकी सगळे हसून झालेत.

माझी ओवी पाचवीत आहे. मागच्या महिन्यात एकदा शाळेतून आली ती हातात चमचमत्या कागदाचे दोन झुपके घेऊन. "आई, मी चिअरलीडिंगच्या टीममध्ये!"

माझं डोकंच फिरलं. म्हणजे पोरं कबड्डी खेळणार आणि माझी लेक कडेला झुपके हलवणार? हा काय खेळ आहे?

"आई, मी सगळ्यात वर असते. चौघींच्या खांद्यावर."

"खांद्यावर? आणि पडलीस म्हणजे?"

"झेलतात ना गं त्या!"

मला फक्त 'पडलीस' एवढंच ऐकू येत होतं. लगेच ओवीचं नाव कमी करण्याचा अर्ज लिहिला. तेवढ्यावर थांबले असते तर! पण नाही. आयांच्या ग्रुपवर टाकलं : 'समोर टीम नाही, गोल नाही, हार-जीत नाही. याला खेळ म्हणायचं? उद्या दहाला शाळेत या!' धडाधड अंगठे आले. ओवी मात्र अर्धं ताट तसंच टाकून उठली.

सकाळी अकरा आया गेटवर हजर. आणि माझ्या पिशवीत काय? हॉलच्या भिंतीवरून काढलेलं माझं फ्रेममधलं सर्टिफिकेट. पुरावा नको?

खेळाचे शेख सर मैदानावर टेबल टाकून बसले होते. शेजारी ओवीची टीम उभी.

"या ताई, बसा."

"बसायला नाही आले! समोर टीम नाही, गोल नाही, नुसतं पोरींना नाचवता आणि त्याला खेळ म्हणता? सर, मी स्वतः जिल्ह्याला खेळलेली आहे. खेळ म्हणजे काय ते मला सांगू नका!"

"अरे वा! कोणता खेळ, ताई?"

मी ऐटीत अर्ज आणि त्यावर फ्रेम टेबलावर ठेवली. सरांनी चष्मा लावला आणि मागच्यांनाही ऐकू जाईल असं वाचलं, "जिल्हास्तरीय क्रीडा स्पर्धा. सांघिक लेझीम. द्वितीय क्रमांक."

मग सरांनी चष्मा काढला.

"ताई, लेझमात समोरची टीम कुठं उभी राहते?"

मी फ्रेम हळूच स्वतःकडं ओढली.

"गोल कुठं असतो?"

मागून एक आई म्हणाली, "लेझीम व्हय? मला वाटलं खो-खो!"

झालं! माझा तोल गेला. "लेझीम म्हणजे गंमत वाटली का? एकीचा ताल चुकला की अख्खी रांग चुकते! मांड्या भरून येतात! आम्ही महिना-महिना सराव करायचो! दम लागतो दम!"

सर शांतपणे पोरींकडं वळले. "ऐकलं का गं? मी रोज सांगतो ते हेच. आज ताईंनी लई भारी सांगितलं."

मग माझा अर्ज त्यांनी पुढं सरकवला. "आता तुम्हीच सांगा ताई. हा खेळ नाय म्हणत असाल, तर ओवीचं नाव आत्ता कमी करतो. पण मग ती फ्रेम परत भिंतीवर लावू नका."

ओवी माझ्याकडं बघत होती. झुपके छातीशी घट्ट धरलेले.

मी अर्ज उचलला, चार घड्या घातल्या आणि पर्समध्ये कोंबला. मागं वळून बघितलं नाही. अकरा आयांकडं कुठल्या तोंडानं बघणार?

मुकुंदवाडीला स्पर्धा झाली. ओवी चौघींच्या खांद्यावर चढली तेव्हा मी डोळे गच्च मिटून घेतले होते, त्यामुळं माझ्याशिवाय सगळ्यांनी तिला बघितलं. पहिला नंबर आला! तिचं सर्टिफिकेट आता माझ्या फ्रेमच्या वर आहे. जागा तिनंच ठरवली.

काल शेजारच्या काकू आल्या, दोन्ही फ्रेम बघून म्हणाल्या, "अगंबाई, मायलेकी दोघी खेळाडू?"

मी तोंड उघडायच्या आत ओवी म्हणाली, "मी आहे, काकू. आईचं अजून नक्की ठरलेलं नाही."