कांचनगंगेपुढं आम्ही दोघी जावा

सोलापूरच्या बाईनं डोंगरांबद्दल लिहायचं म्हणजे जरा धाडसच. आमच्याकडची जमीन इतकी सपाट, की पाहुणा बैलगाडीनं निघाला तर निरोप देऊन घरात येऊन पाणी प्यावं, तरी बाहेर गाडी दिसतेच. तरीही मी हिमालय बघायला निघाले, आणि तेही माझ्यासाठी नव्हे, माझ्या मोठ्या जावेसाठी. तिला आम्ही सगळे आक्का म्हणतो.

मी वाचायला शिकले ती मुलांच्या पुस्तकांवरून. दुपारी शेंगा फोडताना भूगोल मोठ्यानं वाचायची. सह्याद्री, सातपुडा, विंध्य असं करत हिमालयाशी आले, की आक्काचे हात थांबायचे. उन्हाळ्यातही न वितळणारं बर्फ तिला कधी पटलंच नाही. पुढं तिला काचबिंदू झाला. नजर हळूहळू जाणार, असं डॉक्टरांनी सांगितलं. आक्का म्हणाली, "जायची तर जाऊ दे. पर त्याच्या आदी ते बर्फ एकदा बघू दे."

माझा मुलगा दत्तू रेल्वेत नोकरीला. त्यानं पास काढले आणि दसरा झाल्यावर आम्ही तिघं निघालो. बरोबर कडक भाकरी, शेंगाचटणी आणि आपल्या सोलापुरी चादरी.

मनमाडच्या अलीकडं अंगठ्यासारखा एकटाच उभा सुळका लागतो. आक्कानं खिडकीशी तोंड नेलं. "दत्तू, ते काय रं उभं हाय?"

"डोंगर आहे, आक्का."

"मग जमतंय की अजून माज्या डोळ्यांना." त्यानंतर ती खिडकी सोडायला तयार नाही. डावीकडं सातपुड्याच्या निळ्या रांगा लागल्या, त्या तिला धुरासारख्या दिसल्या. बंगालात तर नुसती भाताची खाचरं आणि पाणी. तिथं तिला शंका आली. "हितं आपल्यापरीस सपाट हाय की रं. गाडी चुकली न्हाय न्हवं?"

पायथ्यापासून दार्जिलिंगला जाणारी गाडी म्हणजे जत्रेतलं खेळणंच. वळणावर इंजिन आपल्या डब्यासमोर येतं. आक्कानं इंजिनवाल्याला हात केला, त्यानंही केला. मग प्रत्येक वळणाला दोघांचं तेच चाललं.

वर पोचलो तर धुकं. समोरचं झाड दिसेना, तिथं हिमालय कुठला? आमच्या खानावळीची मालकीण, तिला सगळे दीदी म्हणत, पाठीवर डोको (कपाळाला पट्टा लावून वाहायची टोपली) घेऊन बाजारातून आली आणि लोणी-मीठ घातलेला चहा पुढं ठेवला. मी घोट तोंडात घेऊन दत्तूकडं पाहत बसले. आक्का मात्र शांतपणे प्यायली. "च्या म्हणून न्हाय, पर कढी म्हणून चांगला हाय." दीदीनं आमची कडक भाकरी मोडून पाहिली आणि विचारलं, "पापड है?"

"पापड न्हवं माय, जेवान हाय हे," आक्का म्हणाली. दोघींचं इतकं जमलं की भाषेची अडचण मलाच वाटली.

रोज पहाटे आम्ही खानावळीपुढच्या बाकावर जाऊन बसायचो आणि धुकं बघून परत यायचो. असं करता करता निघायचा दिवस उजाडला. त्या सकाळी मात्र धुकं खाली दरीत उतरलं होतं. आमच्याकडं लांबचं बघायचं म्हणजे भुवयांवर हात आडवा धरायचा आणि जिथं जमीन आभाळाला टेकते तिथं नजर लावायची. मी तसंच केलं, दत्तूनं केलं, आक्कालाही करायला लावलं. चहाचे मळे दिसले, काळसर डोंगर दिसले. बर्फ नाही.

"पुढच्या वर्षी येऊ, आक्का," दत्तू म्हणाला.

"पुढच्या वर्षी तू सांगशील आन मी हूं म्हनीन," आक्का म्हणाली.

दीदीनं चहा आणून दिला. आक्काचे हात गारठले होते. तिनं भुवयांवरचा हात काढून पेला दोन्ही हातांत धरला. मी आपली अजून आडव्या हातानं जमीन धुंडाळतेय.

"गोदू," ती जरा वेळानं म्हणाली, "ह्यो ढग लई हट्टी दिसतोय."

"कुठला?"

"बाकीचे समदे पळायलेत. ह्यो जाग्यावरनं हालंना."

"अहो पण कुठं?"

"वर बघ की. डोळ्यावरचा हात काड आदी."

मी हात काढला. इतक्या उंचावर कोणी जमीन शोधेल का हो? ढगांच्याही वर, निम्म्या आभाळात, पांढरंशुभ्र शिखर उभं होतं आणि त्याच्या एका खांद्यावर ऊन पडलं होतं. आम्ही दोघं डोळस माणसं हाताखाली नेमकं तेच झाकून बसलो होतो.

"कांचनजंगा," दीदीनं हात जोडले. आक्कानंही पेला खाली ठेवून हात जोडले. दत्तू उंची सांगायला लागला, तर म्हणाली, "गप रं. बघू दे." मग ढग येईपर्यंत आम्ही सगळे तिकडंच बघत बसलो.

सोलापूरला परतल्यावर गल्लीतल्या बायका जमल्या. मला वाचता येतं म्हणून सगळ्या मलाच विचारू लागल्या. मी घसा साफ केला, तोच आक्का म्हणाली, "तिला काय इचारता? तिला मीच दावला."

आता आक्काला दारात कोण आलं ते आवाजावरून ओळखावं लागतं. पण डोंगराची गोष्ट निघाली की ती सरसावून बसते. तिच्या सांगण्यात ते शिखर दर खेपेला थोडं वर जातं. मी शेजारी शेंगा फोडत बसते आणि हूं म्हणते.